चव्वेचाळीस सेकंदांची मजुरी



व्याख्यानमालेच्या चिटणीसांनी माझ्याकडे विषय मागितला तेव्हा त्यांची समजूत अशी असावी की, हा माणूस युनियनचा, तेव्हा हा किमान वेतनावर बोलेल, फार तर कंत्राटी पद्धतीवर बोलेल. मी 'बी. एम. एक्स.' असे सांगितल्यावर त्यांनी ते एखाद्या औषधाचे नाव असल्यासारखे लिहून घेतले. बी. एम. एक्स. म्हणजे बुटक्या सायकलींची, मातीच्या उंचवट्यांवरून होणारी शर्यत. या शर्यतीत धावणाऱ्या बेथनी श्रायव्हर नावाच्या एका इंग्रज मुलीची हकीकत आज सांगावी असे योजले आहे. माझे शाळेतले शिक्षण नववीपर्यंतचे. पुढचे जे काही झाले ते युनियनच्या कचेरीत आणि गावच्या वाचनालयात. क्रीडाशास्त्र मला येत नाही. पण राबते कोण, पैसे देते कोण, आणि अपघात झाला म्हणजे कोण कोणाकडे बोट दाखविते, एवढे प्रश्न मला कुठल्याही धंद्याला विचारता येतात. गेली तीस वर्षे मी यंत्रमागवाल्यांना ते विचारीत आलो आहे. या खेळाला विचारले तेव्हा उत्तरे बरीचशी ओळखीची निघाली.

प्रथम शर्यत समजून घेऊ. सायकलीची चाके वीस इंची. गिअर एकच, ब्रेक एकच, आणि तोही मागच्या चाकाला. सीट असते, पण ती नावाला. शर्यत उभ्यानेच मारावी लागते. ऑलिंपिकच्या दर्जाच्या मैदानावर आठ मीटर उंचीचा, म्हणजे सुमारे अडीच मजली घराएवढा उतार बांधलेला असतो. त्याच्या माथ्यावर एक फाटक. आठ स्पर्धक पुढचे चाक फाटकाला टेकवून आणि दोन्ही पाय पेडलवर ठेवून तोल सावरीत उभे राहतात. ध्वनिक्षेपकातून ठरलेली सूचना होते. परंतु सूचनेनंतर फाटक नेमके कोणत्या क्षणी पडणार हे कोणालाच ठाऊक नसते. मधला अवकाश यंत्र दर वेळी बदलते, म्हणजे कोणी अंदाजाने आधी सुटू नये. फाटक पडले की उताराच्या तळाशी येईतो वेग ताशी साठ किलोमीटरच्या घरात गेलेला असतो. मग उड्या, लागोपाठ उंचवटे, तीन मोठी कलती वळणे. चारशे मीटरच्या आसपास अंतर आणि चाळीस-पंचेचाळीस सेकंदांत सारा खेळ आटोपलेला.

यातले पहिले वळण फार महत्त्वाचे. आठ जण रुंद उतारावरून सुटतात आणि पहिल्या वळणावर एकाच चिंचोळ्या जागेत शिरू पाहतात. तिथे जो पुढे असेल त्याला नंतर गाठणे कठीण जाते; म्हणून कोपराला कोपर घासत सारे तिथेच घुसतात आणि पडायचे असेल तर बहुधा तिथेच पडतात. एक पडला तर मागचे तिघे त्याच्यावर. त्यात पडणाऱ्याची चूक असतेच असे नाही. शेडमध्ये शेजारच्या मागाचा धोटा उडून ज्याच्या डोळ्याला लागतो, त्याचीही नसते.

हा खेळ कोणी शास्त्र्यापंडितांनी काढला नाही. १९७० च्या सुमारास कॅलिफोर्नियातली पोरे मोठ्या माणसांच्या मोटारसायकल शर्यती पाहून आपल्या सायकली मोकळ्या मैदानातल्या मातीत पळवू लागली. घरी मोटारसायकल घेण्याइतके पैसे नव्हते, सायकल होती. पोरांच्या त्या नकलेला पुढे नियम आले, संघटना आल्या, आणि २००८ साली बीजिंगला ती थेट ऑलिंपिकमध्ये जाऊन बसली. तिथे ब्रिटनची शनाझ रीड ही जगज्जेती मुलगी अंतिम शर्यतीत दुसऱ्या क्रमांकावर होती. तशीच राहिली असती तर रौप्यपदक पक्के होते. तिने शेवटच्या वळणावर पहिलीला ओलांडण्याचा प्रयत्न केला, चाकाला चाक लागले, ती पडली आणि हाती काहीच आले नाही. २०१२ साली लंडनमध्ये ती सहावी आली. २०१६ च्या रिओ ऑलिंपिकला ब्रिटनने या शर्यतीसाठी दोन पुरुष पाठविले, स्त्री एकही नाही.

आता बेथनी. जन्म १९९९ चा, पूर्व लंडनमधला. वाढली एसेक्स परगण्यातल्या एका खेड्यात. आठ-नऊ वर्षांची असताना जवळच्या ब्रेनट्री गावच्या सायकल क्लबात जाऊ लागली. २०१७ साली अमेरिकेत रॉक हिल येथे ती कुमारींच्या गटात जगज्जेती झाली. म्हणजे कारागीर तयार झाला होता आणि कसबाचा दाखलाही जगाने दिला होता. नेमक्या याच सुमारास तिच्या देशाने असे ठरवून टाकले होते की, पुढील चार वर्षे बी. एम. एक्स. शर्यतीसाठी जो पैसा द्यायचा तो फक्त पुरुषांना द्यायचा.

हे ठरविणाऱ्यांना एकदम खलनायक करून मोकळे होणे सोपे आहे, म्हणून त्यांची बाजू आधी मांडतो. १९९६ च्या अटलांटा ऑलिंपिकमध्ये ब्रिटनला अवघे एक सुवर्णपदक मिळाले होते. पदकांच्या तक्त्यात देश छत्तिसावा. तिथे मोठी नाचक्की झाली. त्याच्या थोडे आधी, १९९४ साली, राष्ट्रीय लॉटरी सुरू झाली होती. तिच्या पैशातला वाटा खेळाडूंकडे वळविण्यात आला आणि तो वाटण्यासाठी 'यू. के. स्पोर्ट' ही संस्था १९९७ साली उभी राहिली. (लॉटरीची तिकिटे कोण काढते हे इथे बसलेल्यांना सांगावयास नको. आपल्याकडे आकडा कोण लावतो? बंगल्यातला लावीत नाही.) संस्थेचे धोरण रोखठोक होते: पदक दिसेल तिथे पैसा, दिसणार नाही तिथे बंद. या धोरणाला फळ आले हे नाकारता येणार नाही. सिडनीला अकरा सुवर्णपदके, लंडनला एकोणतीस, रिओला सत्तावीस, आणि रिओच्या तक्त्यात देशाचा क्रमांक दुसरा. एका सुवर्णावरून वीस वर्षांत इथवर. ज्याच्या हाती मोजकाच पैसा आहे त्याने तो कुठेतरी नाकारलाच पाहिजे, हेही मला कळते. युनियनच्या संपफंडाचा हिशेब मीही लिहिला आहे.

पण या हिशेबाची पद्धत पाहा. रिओला बॅडमिंटनमध्ये ब्रिटनने कांस्यपदक मिळविले होते; तरी पुढच्या चार वर्षांसाठी बॅडमिंटनची मदत संपूर्ण बंद झाली. म्हणजे मिळविलेले पदकही पुरेसे नव्हते. मिळणाऱ्या पदकाचा अंदाज पाहिजे होता. बी. एम. एक्स. मधल्या स्त्रियांच्या बाबतीत तर रिओला स्त्री गेलीच नव्हती, मग अंदाज कशाच्या आधारावर बांधणार? गेल्या खेपेस नव्हती म्हणून या खेपेस पैसा नाही, आणि या खेपेस पैसा नाही म्हणून पुढल्या खेपेस ती असणार नाही. बदली कामगाराला कायम का करीत नाही असे विचारले तर जे उत्तर मिळते ते हेच. तुझी सलग हजेरी नाही म्हणून कायम करता येत नाही. आणि सलग हजेरी का नाही? बदली आहेस म्हणून.

बेथनी आईबापांच्या घरी राहून लहान मुलांच्या शाळेत शिक्षिकेची मदतनीस म्हणून काम करू लागली. आठवड्यातले काही दिवस नोकरी, उरलेल्या वेळात सराव. मुलांची नाके पुसायची, डबे उघडून द्यायचे, आणि संध्याकाळी व्यायामशाळेत जाऊन वजने उचलायची. परंतु ऑलिंपिकला जायचे तर पात्रतेचे गुण लागतात. गुणांसाठी देशोदेशीच्या शर्यती लागतात. शर्यतींसाठी विमानाचे भाडे लागते आणि सायकलसुद्धा विमानात न्यावी लागते. तेव्हा २०१९ साली तिने उघड लोकवर्गणी मागितली. आकडा पन्नास हजार पौंडांचा.

लोकवर्गणी म्हटल्यावर सभागृहात काही माना हलल्या, त्या का हलल्या हे मी जाणतो. १९५२ साली हेलसिंकीला जाण्यासाठी कराडजवळच्या गोळेश्वरच्या खाशाबा जाधवांना अशीच वर्गणी गोळा करावी लागली, आणि कोल्हापूरच्या प्राचार्य खर्डेकरांनी आपले घर गहाण टाकून सात हजार रुपये उभे केले. स्वतंत्र भारताचे पहिले वैयक्तिक ऑलिंपिक पदक त्या पैशातून आले. आपण ही गोष्ट अभिमानाने सांगतो. सांगावीच. पण खर्डेकरांचे घर गहाण पडले, याचा अभिमान बाळगताना थोडी लाजही वाटावी असे मला नेहमी वाटत आले आहे. गरीब देश होता असे आपण म्हणू शकतो. श्रायव्हरबाईंच्या देशाला तेही म्हणता येत नाही.

पुढे तिचे निकाल बोलू लागले तसे ब्रिटिश सायकलिंग या संघटनेने तिला पुन्हा आपल्या कार्यक्रमात घेतले, मदतही सुरू झाली. २०२० चे ऑलिंपिक साथीमुळे एक वर्ष लांबले आणि ३० जुलै २०२१ रोजी तोक्योच्या आरिआके मैदानावर, रिकाम्या खुर्च्यांपुढे, तिची अंतिम शर्यत झाली. फाटकावर तिच्या जोडीला कोलंबियाची मारिआना पाहोन उभी होती. लंडन आणि रिओ दोन्हीकडची सुवर्णपदके तिची. बेथनी पहिल्या वळणाला पुढे निघाली. पाहोन शेवटच्या सरळ पट्ट्यात जवळ जवळ येत गेली आणि दोघींनी जवळपास बरोबरच रेषा ओलांडली. बेथनी ४४.३५८ सेकंद, पाहोन ४४.४४८. फरक नऊ शतांश सेकंदांचा. डोळ्याची पापणी लवायला याहून अधिक वेळ लागतो. रेषेपलीकडे बेथनी सायकलीवरून जी खाली आली ती तशीच जमिनीवर पडली, पायांत गोळे आले होते. थोड्याच वेळापूर्वी पुरुषांच्या शर्यतीत रौप्यपदक मिळविलेला तिचा सहकारी काय व्हाइट, दक्षिण लंडनमधल्या पेकहॅम वस्तीतला मुलगा, धावत आला आणि त्याने तिला दोन्ही हातांवर उचलून घेतले. पैसा ज्यांना दिला त्यांच्यातला तो, जिला नाकारला ती ही. त्या दोघांच्या मनात हा हिशेब त्या क्षणी असेल असे मात्र मला त्या चित्रात दिसले नाही.

इथवर ही गोष्ट शाळेच्या पुस्तकात घालण्याजोगी आहे, आणि तीच मला भीती वाटते. कारण या गोष्टीचे तात्पर्य दोन तऱ्हेने काढता येते. एक असे: पाहा, मदत काढून घेतली तरी जिच्यात खरे तेज होते ती वर आलीच; किंबहुना टाकीचे घाव सोसले म्हणूनच आली. हे मी आमच्या भागात किती वेळा ऐकले आहे! शेडमधला एखादा मुलगा रात्रीच्या शाळेत शिकतो आणि वकील होतो. मग मालक पगारवाढीच्या बैठकीत त्याचेच उदाहरण देतात: जिद्द असली की माणूस वर येतो. त्याच शेडमध्ये त्याच्याइतकीच जिद्द असलेले, पण घरात म्हातारी आजारी पडली म्हणून रात्रशाळा सोडलेले जे चौघे असतात, ते बैठकीत येत नाहीत. ते त्या वेळी मागावर असतात. त्याचप्रमाणे २०१६ नंतर इंग्लंडातल्या क्लबांतून किती मुलींनी सायकल माळ्यावर टाकली याचा तक्ता कुठल्याही संस्थेने छापला नाही. सोडून गेलेल्यांची हजेरी कोण मांडतो? बेथनीपाशी परत जाण्याला आईबापांचे घर होते. तिला सवलत देणारी नोकरी होती. वर्गणी देणारी माणसे होती. आणि एवढे सगळे असूनही प्रश्न अखेर नऊ शतांश सेकंदांवर येऊन ठेपला. पाहोन तेवढ्याने पुढे गेली असती, तर बेथनीला रौप्य मिळाले असते आणि आज मी या व्यासपीठावर दुसऱ्याच विषयावर बोलत असतो. तिचे कष्ट तेवढेच राहिले असते.

आता अपघाताकडे येतो. सॅम विलोबी हा ऑस्ट्रेलियाचा शर्यतपटू, लंडनचा रौप्यपदकविजेता. रिओ आटोपल्यानंतर महिन्याच्या आत, सप्टेंबर २०१६ मध्ये, कॅलिफोर्नियात सराव करताना तो पडला आणि त्याच्या मानेचे मणके मोडले. तो चाकाच्या खुर्चीला खिळला. वय पंचवीस. पुढे त्याने पत्नीला, तीही याच खेळातली, शिकविण्याचे काम हाती घेतले आणि त्याच्या हाताखाली ती २०१७ व २०१९ साली जगज्जेती झाली. कॉनर फील्ड्स हा अमेरिकेचा, रिओचा सुवर्णपदकविजेता. तोक्योत, बेथनीच्या विजयाच्याच दिवशी, उपान्त्य फेरीत पहिल्या वळणावर पडला. मेंदूत रक्तस्राव झाला. गुणांच्या हिशेबाने तो अंतिम फेरीत आधीच पोचला होता, शर्यत पुरी केली नसती तरी चालले असते. त्याच मैदानावर नेदरलँड्सचा निक किमान सरावात एका अधिकाऱ्यावर आदळला, कारण तो गृहस्थ मार्ग ओलांडीत होता. गुडघ्याच्या वाटीला तडा गेला. किमान त्या गुडघ्यावर धावला आणि सुवर्ण घेऊन गेला. त्याचे कौतुक झाले, ते रास्तच. पण चालू यंत्राच्या पट्ट्याखालून साहेब गेला आणि इजा कामगाराला झाली, एवढेच मला त्यात दिसले. काय करणार, सवय!

आपल्या देशात कामगार नुकसानभरपाईचा कायदा १९२३ साली झाला. त्याच्या परिशिष्टात कोष्टक असे. अंगठा गेला तर कमाईची शक्ती तीस टक्के गेली असे धरावे, दोन्ही हात गेले तर शंभर टक्के. वाचायला क्रूर वाटते, पण त्या कोष्टकासाठी कामगारांच्या पिढ्या झगडल्या, कारण कोष्टक नव्हते तेव्हा अंगठ्याची किंमत मालकाच्या दयेएवढी होती. ते हक्काने मागायचे तर मात्र एक गोष्ट आधी सिद्ध व्हावी लागते, ती म्हणजे तुम्ही 'कामगार' आहात.

आणि नेमका हाच प्रश्न ब्रिटनमध्ये न्यायासनापुढे गेला. जेस व्हार्निश ही त्याच ब्रिटिश सायकलिंगमधली, पण बंदिस्त मैदानावरच्या शर्यतींची सायकलपटू. २०१६ साली तिला कार्यक्रमातून वगळण्यात आले. तिचे म्हणणे असे की, माझा सराव तुम्ही ठरविता, आहार तुम्ही ठरविता, कपडे तुमचे, वेळापत्रक तुमचे. तेव्हा मी तुमची नोकर आहे आणि नोकराला अन्यायाने काढल्याबद्दल जी दाद मिळते ती मला मिळावी. मँचेस्टरच्या रोजगार न्यायाधिकरणाने जानेवारी २०१९ मध्ये निकाल दिला: ती नोकर नाही, कामगारही नाही. तिला मिळणारा पैसा हा वेतनासारखा नाही, विद्यार्थ्याच्या शिष्यवृत्तीसारखा आहे. २०२० साली अपिलातही तेच कायम झाले.

न्यायाधिकरणाने कायदा वाकविला असे मी म्हणणार नाही. कायदा लिहिणाऱ्यांच्या डोळ्यांपुढे कारखाना होता, मैदान नव्हते. पण 'मानधन' हा शब्द ऐकला की माझे कान टवकारतात. आपल्या अंगणवाडीच्या बाई घ्या, आशाताई घ्या. पाऊस असो, साथ असो, घरोघर जायचे, रजिस्टरे भरायची. आणि महिन्याला जे मिळते त्याचे नाव वेतन नव्हे, मानधन. त्या स्वयंसेविका! मान द्यायचा असला की सहसा धन कमी पडते, हा माझा अनुभव आहे.

यावर कोणी म्हणेल, अहो, पण सायकल पळविणे हा तिच्या आवडीचा खेळ. तिला कोणी सक्ती केली होती का? हा आक्षेप मी हलका मानीत नाही. विणकराला मागाची ओढ क्वचित असते, तिला फाटकाची ओढ होती. शिवाय खेळाडूला संघटनेचा नोकर ठरविले तर संघटना माणसे कमी घेईल, आणि दारातच अधिक जणी अडतील, हा धोकाही खरा आहे. आमच्याकडे कायम करण्याचा कायदा दाखविला की मालक तेवढ्याच माणसांची खोगीरभरती कंत्राटदारामार्फत करतो, हे आम्ही भोगले आहे. म्हणून बेथनीला मस्टरवर घ्या एवढेच मागून माझे समाधान होत नाही. मला वाटते, पैसा बंद करायचा तर आधी नोटीस द्यावी, त्याची कारणे तिच्यापुढे ठेवावीत, आणि ठरविणाऱ्यांच्या टेबलाशी शर्यत मारणाऱ्यांचीही एक खुर्ची असावी. हाड मोडले तर ते जोडण्याची जबाबदारी कोणाची, हे ते मोडण्याआधी कागदावर असावे. कोणाला हे फार वाटेल. आमच्याकडे दिवाळीचा बोनस मागितला तेव्हाही फार वाटले होते.

बेथनी २०२१ साली, ऑलिंपिकनंतर महिनाभरात, जगज्जेतीही झाली, आणि २०२३ साली ग्लासगोला पुन्हा. २०२४ च्या मे महिन्यात तिची गळसरी मोडली. ऑगस्टमध्ये पॅरिसच्या ऑलिंपिकला ती त्याच खांद्याने उतरली, अंतिम फेरीआधीच्या सगळ्या शर्यती तिने जिंकल्या, आणि अंतिम शर्यतीत आठ जणींत आठवी आली. जिंकली ऑस्ट्रेलियाची साया साकाकिबारा. सायाचा भाऊ काई हाही याच खेळातला. फेब्रुवारी २०२० मध्ये बाथर्स्टच्या शर्यतीत पडून त्याच्या मेंदूला जबर इजा झाली, तो आठवडेच्या आठवडे बेशुद्ध होता, बोलणे-चालणे त्याला पुन्हा शिकावे लागले. नंतर तो अपंगांच्या नौकाशर्यतींकडे वळला. साया स्वतः तोक्योत उपान्त्य फेरीत पडली होती. तीन वर्षांनी ती पुन्हा त्याच फाटकाला चाक टेकवून उभी राहिली आणि पहिल्या वळणाला सर्वांच्या पुढे होती.

अध्यक्षांनी घड्याळ दाखविले आहे. कोणास प्रश्न विचारावयाचे असतील तर मी खालीच, पहिल्या रांगेत बसतो.